विश्लेषण : धामापूरचा तलाव पाटबंधाऱ्याचा जागतिक वारसा, मग ‘पाणथळ’ म्हणून कायद्याबाहेर कसा?

मालवण तालुक्यातील धामापूरच्या तलावाला २०२० मध्ये जागतिक वारसा सिंचन स्थळाचा मान मिळाला. महाराष्ट्रातील हे पहिलेच नाव. मात्र ज्या गुणासाठी हा मान मिळाला, तोच गुण पाणथळ जागांच्या नियमात या तलावाला अडचणीचा ठरतो. शिवाय ज्या गावांनी हा बांध जवळपास पाच शतके सांभाळला, ती गावे आता रिकामी होत आहेत.

मालवणात एप्रिल-मे महिन्यांत पर्यटकांच्या गाड्या वाढतात आणि नेमक्या त्याच दिवसांत किनाऱ्यालगतच्या विहिरींचे पाणी मचूळ होऊ लागते. शहराच्या नळाला येणारे गोडे पाणी धामापूरच्या तलावातले. हा तलाव ज्या बांधामागे उभा आहे, तो बांध १५३० सालचा. शिवाजी महाराजांनी मालवणच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्ग किल्ल्याची पायाभरणी केली ती १६६४ मध्ये. म्हणजे किल्ल्याचा पहिला चिरा बसला तेव्हा तलावाला १३४ वर्षे झाली होती. किल्ला पाहायला वर्षभर रांग लागते. तलावाकडे बहुतेक पर्यटक ‘जाता जाता अर्धा तास’ म्हणून वळतात. मोबाइलवर ‘धामापूर’ शोधले, तर बोटिंग आणि फोटो काढायच्या जागा यांचीच माहिती आधी समोर येते. शेतीचा उल्लेख शोधावा लागतो.

हा तलाव आहे कुठे?

मालवणहून चौक्याच्या वाटेने कुडाळला निघाले की साधारण मधोमध धामापूर लागते. पुढे काळसे, मग कर्ली नदीवरचा नेरूरपारचा पूल आणि पलीकडे कुडाळ तालुका. डोंगरांच्या कुशीत हा तलाव आहे. दाट झाडीने भरलेल्या उतारांवरून येणारे पाणी जिथून निसटून गेले असते, तिथे मातीचा बांध घालून ते अडवले आहे. काठावर भगवती देवीचे मंदिर आहे आणि तिथून पायऱ्या थेट पाण्यात उतरतात. बांधाच्या खाली भातमळे, माड-पोफळीच्या बागा आणि वाड्या आहेत.

या भूगोलात एक गोष्ट महत्त्वाची. कर्लीला भरतीचे पाणी आत शिरते. आंबेरी, देवली, तारकर्ली, देवबाग या खाडीकाठच्या गावांत गोड्या आणि खाऱ्या पाण्याची हद्द रोज बदलते. म्हणजे वर जांभ्याचे कोरडे सडे, खाली खारी खाडी आणि त्यामागे समुद्र. मधल्या अरुंद पट्टीत गोडे पाणी टिकले तरच शेती आणि वस्ती टिकते. धामापूरचा तलाव या पट्टीच्या माथ्यावर आहे.

एवढा पाऊस पडूनही तलाव कशाला?

सिंधुदुर्गात वर्षाला सरासरी ३००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. मराठवाड्यातल्या वाचकाला हा आकडा वाचून हेवा वाटेल. पण हा सारा पाऊस जवळपास चार महिन्यांत कोसळतो आणि सह्याद्री ते समुद्र हे अंतर इतके कमी आहे, की डोंगरावर पडलेले पाणी बघता बघता खाडीला मिळते. जांभा दगड सच्छिद्र असतो. तो पाणी पटकन पितो आणि पटकन सोडतोही. दिवाळीपर्यंत व्हाळ वाहतात, झरे त्यानंतर काही महिने तग धरतात आणि एप्रिलमध्ये विहिरीचा तळ दिसू लागतो. पावसाळ्यात पूर आणि उन्हाळ्यात टँकर, हे दृश्य कोकणात एकाच वाडीत दिसू शकते.

दिवाळीनंतर गावकरी व्हाळांवर कच्चे बंधारे घालतात, ते याचसाठी. सिमेंटच्या रिकाम्या गोण्यांत माती-वाळू भरून एका दिवसात बंधारा उभा राहतो आणि पुढच्या पावसात वाहून जातो. धामापूरच्या बांधामागचा विचार हाच, फक्त तो कायमचा केलेला. विजयनगरच्या राजांचे मांडलिक नागेश देसाई यांनी ग्रामस्थांच्या मदतीने हा बांध बांधला, असा इतिहास सांगितला जातो. तो काळही लक्षात घेण्याजोगा. पोर्तुगीजांनी १५१० मध्ये गोवा घेतले होते आणि त्याच १५३० साली त्यांनी आपली पूर्वेकडची राजधानी कोचीहून गोव्याला आणली. किनाऱ्यावर आरमारांची चढाओढ चालू असताना आतल्या एका खोऱ्यात कोणीतरी भाताला पाणी कसे पुरेल याचे गणित मांडत होते. इतिहासाच्या पुस्तकांत पहिल्या गोष्टीवर धडे असतात, दुसरीवर ओळही नसते.

जागतिक मान मिळाला तो नेमका कशाला?

इथे सर्वाधिक गैरसमज आहे. हा युनेस्कोचा वारसा नव्हे. आंतरराष्ट्रीय सिंचन व जलनिस्सारण आयोग ही १९५० मध्ये स्थापन झालेली संस्था आहे आणि तिचे मुख्यालय नवी दिल्लीत आहे. शंभर वर्षांहून जुन्या सिंचन रचनांना ती वारशाचा दर्जा देते. २०२० मध्ये भारतातील ज्या नावांना हा दर्जा मिळाला, त्यांत आंध्र प्रदेशातील कंबम आणि पोरुमामिल्ला हे तलाव, कर्नूल-कडपा कालवा आणि धामापूर होते.

मान ‘सुंदर तलावा’ला मिळालेला नाही. तो मिळाला बांध, मोरी आणि पाट या एकत्र चालणाऱ्या यंत्रणेला, जी आजही धामापूर आणि काळसे या गावांच्या शेतीला पाणी देते. मोरी उघडली की पाणी उताराने पाटात उतरते आणि पाटातून मळ्यात. पंप नाही, वीजबिल नाही. पावसाळ्यातल्या भातानंतर त्याच मळ्यात वायंगणाचे दुसरे भात घेता येते, माड-पोफळीला शिंपणे होते आणि पाझराने खालच्या विहिरी भरलेल्या राहतात. कोकणात वायंगण घेता येणारी जमीन म्हणजे कुटुंबाची ऐपत. सोयरीक जमवतानाही तिची चौकशी होत असे.

मातीचा बांध इतकी वर्षे टिकणे ही साधी गोष्ट नाही. मातीच्या धरणाला मुख्य धोके दोन. पाणी माथ्यावरून वाहू लागले, तर ते माती ओरबाडून नेते. दुसरे म्हणजे पाणी बांधाच्या पोटातून बारीक वाट काढते, ती वाट रोज थोडी रुंद होत जाते आणि एक दिवस बांध खचतो. पहिल्यासाठी सांडवा मोकळा लागतो, दुसऱ्यासाठी बांधावर रोज नजर ठेवणारा माणूस लागतो. रत्नागिरी जिल्ह्यातील चिपळूण तालुक्याचे तिवरे धरण २ जुलै २०१९ च्या रात्री फुटले आणि २० हून अधिक माणसे गेली. ते धरण जेमतेम दोन दशकांचे होते. गळतीच्या तक्रारी गावकऱ्यांनी आधीच केल्या होत्या. तेव्हाच्या जलसंधारण मंत्र्यांनी दोष खेकड्यांवर टाकला आणि ते वाक्य पुढे कित्येक महिने विनोदात फिरत राहिले. खेकडे तर १५३० पासून धामापूरच्या तलावाकाठीही असणारच.

तलाव कोणाचा?

कागदावर सरकारचा. पण तलावावर ज्यांचे जगणे अवलंबून आहे, असे गट अनेक आहेत आणि त्यांचे हितसंबंध एकसारखे नाहीत.

पहिले बांधाखालचे शेतकरी आणि बागायतदार. त्यांना पाणी हवे डिसेंबर ते मे, वेळापत्रकाने. दुसरे देवस्थान. दक्षिण कोकणात गावाचा कारभार पूर्वापार गावऱ्हाटीने चालत आला. मानकरी, गुरव, बारा-पाचाची पद्धत, देवासमोरचे गाऱ्हाणे आणि कौल. त्यात मोठेपणाची उतरंड होती, जातीची बंधनेही होती, त्यामुळे त्या व्यवस्थेचे निव्वळ गोडवे गाण्यात अर्थ नाही. पण तळे आणि देऊळ यांची जोडी तिने घट्ट बांधली. कुडाळ तालुक्यातील वालावलला लक्ष्मीनारायणाच्या मंदिराशेजारी तलाव आहे, धामापूरला भगवतीच्या पायाशी. देवीच्या तलावात घाण टाकायची नाही, हे सांगायला फलक लागत नव्हता.

धामापूरची एक आख्यायिका मालवणीत सगळ्यांना पाठ असते. घरात लग्न निघाले आणि दागिने करायची ऐपत नसली, की फुलांचे दागिने करून परडीत ठेवायचे आणि परडी तलावात सोडायची. ती परत यायची सोन्याचे दागिने घेऊन. लग्न झाले की दागिने तलावाला परत करायचे. एकदा कोणीतरी परत केले नाहीत आणि तेव्हापासून परडी रिकामीच राहिली. पर्यटन-पुस्तिकांत ही गोष्ट चमत्कार म्हणून छापतात. गावात मात्र ती सांगताना आवाज चढतो तो शेवटच्या भागावर, परत न करणाऱ्या माणसावर.

तिसरा आणि आता सर्वांत वजनदार वाटेकरी म्हणजे मालवण शहर. २०११ च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या १८ हजारांच्या आसपास होती. गाबीत मच्छीमार, व्यापारी, नोकरदार आणि गेल्या काही दशकांत वाढलेली लॉज, हॉटेले, होमस्टे. चौथे गट पर्यटकांचे, जे तलावाकाठी अर्धा तास थांबतात आणि किनाऱ्यावर दोन रात्री राहतात. आणि ज्यांना मत मांडता येत नाही ते वाटेकरीही आहेतच: काठच्या उंच झाडांवरचे पक्षी, पाण्यातले मासे, उतारावरचे रान.

खरी अडचण कोणती?

सिंधुदुर्ग जिल्ह्याची लोकसंख्या २००१ मध्ये ८,६८,८२५ होती. २०११ मध्ये ती ८,४९,६५१ झाली. राज्याची लोकसंख्या वाढत असताना ती घटलेल्या मोजक्या जिल्ह्यांत सिंधुदुर्ग होता. मुंबईला जाणारा चाकरमानी ही जुनीच गोष्ट, पण आता गणपतीपुरता परत येणाऱ्या घरांची संख्या वाढली आहे. पाट साफ करायला, मेरा घालायला, मोरीवर लक्ष ठेवायला माणसे कमी. मळा एकदा पडीक राहिला की त्यातून जाणारा पाट बुजतो आणि मग पुढच्या मळ्यालाही पाणी पोचत नाही. सामायिक सातबाऱ्यावर बारा नावे, त्यांतली नऊ मुंबई-ठाण्यात, हे चित्र कोकणात कुठल्याही वाडीत सापडेल.

दुसरीकडे शहराची आणि पर्यटनाची पाण्याची गरज वाढत आहे. म्हणजे तलावाचे पाणी हळूहळू पाटाकडून पाइपकडे सरकते. पिण्याच्या पाण्याला पहिले प्राधान्य द्यायचे, हे राज्याचे धोरण आहे आणि ते योग्यच आहे. मालवणच्या गृहिणीच्या हंड्यावर कोणी आक्षेप घेणार नाही. पण पाणी एकदा पाइपमध्ये शिरले, की ते हंड्यात गेले की हॉटेलच्या टाकीत, हे धामापूरच्या बांधावरून दिसत नाही. ‘पिण्याचे पाणी’ या एकाच शीर्षकाखाली सगळे मोजले, तर शेतकरी दर वेळी मागे ढकलला जाणार. आणि शेती थांबली, तर ज्या सिंचनासाठी जागतिक मान मिळाला, ते सिंचनच उरणार नाही.

पाणथळ कायद्याचा पेच काय?

कागदावरचा मोठा घोळ इथे आहे. केंद्र सरकारने सप्टेंबर २०१७ मध्ये पाणथळ जागा (संवर्धन व व्यवस्थापन) नियम लागू केले. त्यांतील व्याख्येनुसार नैसर्गिक असो वा कृत्रिम, कायम असो वा हंगामी, पाण्याखालची जमीन पाणथळ ठरते. मात्र याच व्याख्येत काही अपवाद आहेत: नदीपात्र, भातशेती, खास पिण्याच्या पाण्यासाठी बांधलेले तलाव आणि मत्स्यशेती, मिठागर, करमणूक वा सिंचनासाठी खास बांधलेल्या रचना.

धामापूरला हा नियम लावून पाहा. सिंचनासाठी बांधलेला, हे तर जगाने प्रमाणपत्र देऊन सांगितले आहे. पिण्यासाठीही वापरला जातो. म्हणजे दोन्ही अपवादांचा धोका. पाच शतकांत इथे जी जीवसृष्टी रुजली, ती कुठल्याही नैसर्गिक तळ्याइतकीच खरी आहे. पण व्याख्या विचारते ती तलाव का बांधला हे, तो आता काय झाला आहे हे नाही.

दुसरा आधार आहे तो सर्वोच्च न्यायालयाचा. इस्रोच्या अवकाश उपयोजन केंद्राने उपग्रह छायाचित्रांवरून देशातील पाणथळ जागांचा नकाशासंग्रह तयार केला. त्यात २.२५ हेक्टरपेक्षा मोठ्या अशा २,०१,५०३ जागा होत्या. या सर्व जागांना नियम ४ मधील तत्त्वांनुसार संरक्षण द्यावे, असा आदेश न्यायालयाने २०१७ मध्ये दिला. नियम ४ म्हणजे भराव नाही, अतिक्रमण नाही, सांडपाणी नाही आणि गेल्या दहा वर्षांतील सरासरी पूररेषेपासून ५० मीटरच्या आत पक्के बांधकाम नाही. सूट फक्त बोटीच्या धक्क्याला. डिसेंबर २०२४ मध्ये न्यायालयाने पुन्हा राज्यांना प्रत्यक्ष जागेवर जाऊन हद्दी निश्चित करण्यास सांगितले.

मग एकाच पाण्याला एक यादी संरक्षण देते आणि एक व्याख्या ते काढून घेऊ शकते. या फटीत बांधकामे शिरतात. धामापूरमध्येही पर्यटनासाठी तलावाकाठी झालेल्या बांधकामाचा वाद राष्ट्रीय हरित लवादापर्यंत गेला. पर्यटकांना तलाव दाखवायला हरकत कोणाचीच नाही. पण काठावर काँक्रीट ओतून दाखवायचे की पायवाटेवरून, हे ठरवताना बांधाच्या सुरक्षेचा आणि पाणलोटाचा विचार आधी यायला हवा. सिंचन आयोगाच्या मानाबरोबर ना निधी येतो, ना कायदेशीर कवच. प्रमाणपत्र येते. ते भिंतीवर लावता येते.

‘सुशोभीकरण’ की देखभाल?

सरकारी कामांच्या भाषेत तलाव म्हटला की सुशोभीकरण हा शब्द जोडून येतो. रेलिंग, फरशा, दिवे, सेल्फी पॉइंट. यांतले काहीही बांधाला एक दिवस जास्त टिकवत नाही. देखभालीची कामे मात्र दिसायला अगदीच नीरस असतात. सांडव्यातला पालापाचोळा काढणे, बांधाच्या बाहेरच्या बाजूला नवा ओलावा किंवा गढूळ पाझर दिसतो का ते पावसात पाहणे, मोरीची दुरुस्ती, पाटांची डागडुजी. त्यांचे उद्घाटन होत नाही, म्हणून त्यांना निधीही सहसा शेवटी मिळतो.

गाळ काढण्याच्या कामातही घाई नको. राज्यात २०१७ पासून गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार ही योजना आहे आणि पठारी भागात तिचा उपयोग झाला. पण जुन्या मातीच्या बांधाच्या आतल्या बाजूला साचलेला बारीक गाळ हा पाझर रोखणारा लेपही असतो. जेसीबीने बांधाच्या पायथ्याशी खोदले, तर साठा वाढवण्याच्या नादात गळती सुरू होऊ शकते. त्यापेक्षा गाळ येतो कुठून, ते पाहणे स्वस्त पडते. तलावाभोवतीच्या डोंगरउतारावरचे रान टिकले, तर गाळ कमी येतो. त्या उतारावर रस्ता किंवा प्लॉट पाडण्यासाठी लाल माती उघडी पडली, की पहिल्याच पावसात ती तलावात उतरते. कोकणात असे उतार बहुतांशी खासगी मालकीचे असतात. मालकाला झाडे राखण्याचा काही मोबदला मिळत नाही आणि प्लॉटचा भाव मात्र त्याला फोनवर रोज विचारला जातो. पर्यटन कराचा किंवा शहराच्या पाणीपट्टीचा छोटा हिस्सा पाणलोटातल्या या मालकांना देता येणार नाही का? हा प्रश्न नगरपरिषद, ग्रामपंचायती आणि जलसंपदा विभाग यांनी एका टेबलावर बसून सोडवण्यासारखा आहे.

पाण्याच्या हिशेबासाठी तर नवा कायदाही नको. शेतकऱ्यांच्या पाणीवापर संस्थांना अधिकार देणारा कायदा महाराष्ट्रात २००५ पासून आहे. धामापूर-काळशातील पाटाखालचे शेतकरी, मालवण नगरपरिषद आणि तलावाचा ताबा असलेला विभाग यांनी दर नोव्हेंबरला तलावाची पातळी मोजावी. शेतीला किती, नळाला किती आणि मे अखेर तलावात किती राखायचे, हे ठरवून मंदिराजवळ फलकावर लिहावे. शहरातील व्यावसायिक नळजोडण्यांचे पाणी त्यात वेगळ्या रकान्यात दाखवावे. आकडे लिहिले, म्हणजे भांडणे होतील. होऊ देत. आज भांडण होत नाही ते सगळे समाधानी आहेत म्हणून नव्हे, तर कोणाकडेच आकडे नाहीत म्हणून.

बाकीच्या तलावांचे काय?

धामापूर निदान नकाशावर आले. कुडाळ तालुक्यातील पाट आणि वालावलचे तलाव, जिल्ह्यातल्या कितीतरी देवळांपुढची तळी यांना असा मान नाही. सावंतवाडीचा मोती तलाव शहराच्या मध्यावर असल्याने त्याच्याकडे लक्ष जाते, वाद झाले तर बातमी होते. गावातली तळी गाळाने भरत जातात आणि एका वर्षी लक्षात येते, की तिथे आता गुरे चरत आहेत.

सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेल्या हद्दनिश्चितीत तलाठी, वन आणि महसूल खात्याचे कर्मचारी प्रत्येक पाणथळ जागी जाऊन खुणा करणार, असे अपेक्षित आहे. धामापूरमध्ये ती खूण कुठे मारायची, हे ठरवताना बांधाखालच्या शेतकऱ्याला बोलावले जाते की नाही, ते पाहावे लागेल. भर पावसात पाणी कुठपर्यंत चढते, हे त्याला उपग्रहाआधीपासून माहीत आहे.